लाहायनाची दुपार : वाचकांचे प्रश्न

गेल्या अंकातील वणव्यांवरच्या लेखात हवाई बेटांतील लाहायना या गावाचा उल्लेख मी चार ओळींत आटोपला होता. माउई बेटाच्या पश्चिम किनाऱ्यावरील हे गाव ८ ऑगस्ट २०२३ रोजी दुपारी पेटले, रात्रीपर्यंत बव्हंशी राख झाले आणि १०२ माणसे मृत्युमुखी पडली, एवढेच त्यात लिहिले होते. त्या चार ओळींविषयी जेवढी पत्रे आली तेवढी उरलेल्या लेखाविषयी आली नाहीत, त्यामुळे या महिन्याचे सदर संपूर्णपणे लाहायनासाठी ठेवले आहे. एकाच आशयाचे प्रश्न एकत्र केले आहेत आणि पत्रलेखकांची नावे त्यांच्या विनंतीवरून वगळली आहेत.

प्रश्न : हवाई म्हणजे हिरवीगार, पावसाळी बेटे अशी आमची समजूत आहे. ऐन ऑगस्टमध्ये, तेही समुद्राला लागून असलेल्या गावात, वणवा पेटण्याइतके गवत वाळलेले कसे असेल?
— एक निवृत्त शिक्षिका, वाई

उत्तर : आपण वाईकर आहात, म्हणून माझे काम सोपे झाले. पसरणीचा घाट चढून महाबळेश्वरला गेले की वर्षाला पाच-सहा हजार मिलिमीटर पाऊस पडतो आणि उलट दिशेला माण-खटावकडे गेले की पाचशेच्या आसपास. डोंगराच्या एका अंगाला ढग रिते होतात आणि दुसरे अंग पर्जन्यछायेत राहते. माउईवर हाच प्रकार अधिक तीव्र आहे. ईशान्येकडून येणारे व्यापारी वारे पश्चिम माउईच्या डोंगरांवर, विशेषतः पुउ कुकुई या शिखरावर, वर्षाला सुमारे नऊ मीटर पाऊस पाडतात. तेथून दहा-बारा किलोमीटर खाली उतरले की लाहायना लागते आणि तेथे वर्षभरात चारशे मिलिमीटरही पाऊस होत नाही. शिवाय तेथील पावसाचा हंगाम हिवाळ्यात असतो, त्यामुळे लाहायनाचा ऑगस्ट हा आपल्या वैशाखासारखाच कोरडा असतो.

त्या दिवशी यात वाऱ्याची भर पडली. बेटांच्या उत्तरेला हवेचा दाब वाढलेला होता आणि दक्षिणेला शेकडो किलोमीटरांवरून ‘डोरा’ नावाचे चक्रीवादळ पश्चिमेकडे चालले होते. वादळाने बेटाला स्पर्श केला नाही, पावसाचा थेंब दिला नाही. पण दाबातील फरकामुळे व्यापारी वारे पिसाटले. डोंगर ओलांडून उताराने खाली येणारी हवा दाबली जाते, तापते, आणखी कोरडी होते, आणि लाहायनाच्या बाजूला तिचे झोत ताशी शंभर किलोमीटरांच्या आसपास पोहोचले होते. अमेरिकेच्या हवामान सेवेने आगीच्या धोक्याचा इशारा आधीच दिला होता, म्हणजे हवामानाच्या बाबतीत कोणीही गाफील नव्हते, हे येथेच नोंदवून ठेवतो. हे वारे समुद्राकडे वाहत होते आणि गाव डोंगर व समुद्र यांच्या मध्ये होते. समुद्र जवळ असल्याचा फायदा व्हायचा तर वारा समुद्रावरून यायला हवा होता.

प्रश्न : लेखात ‘ऊस गेला आणि आग आली’ असे एक वाक्य होते. आम्ही तीन पिढ्या ऊस लावतो आणि पाचट जाळण्यावरून आम्हालाच बोल लावले जातात. उसामुळे आग आटोक्यात राहत होती, असे आपल्याला म्हणायचे आहे काय?
— एक ऊस उत्पादक, वाळवा तालुका

उत्तर : ते वाक्य मी घाईत लिहिले आणि त्याने अर्धीच गोष्ट सांगितली, ही चूक कबूल करतो. पूर्ण गोष्ट उसाच्याही आधी सुरू होते. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात लाहायना हवाईच्या राज्याची राजधानी होती. त्या काळी डोंगरातून येणाऱ्या ओढ्यांवर तेथे अळूची खाचरे पिकत, गावात मोठे तळे होते, आणि गावाची ख्याती नीरफणसाच्या दाट सावलीसाठी होती. कोकणातल्या वाचकांना नीरफणस आणि अळू यांची ओळख करून द्यायला नको. जेथे या दोन गोष्टी सुखाने वाढतात ती जमीन वणव्याची नसते.

पुढे साखर आली. लाहायनाची पायोनियर मिल १८६० मध्ये सुरू झाली, आणि तिने व तिच्यासारख्या कंपन्यांनी ओढ्यांचे पाणी पाटांनी उसाकडे वळवले. खाचरे गेली, विसाव्या शतकाच्या सुरुवातीला तळेही बुजवले गेले. मात्र पाणी कोणाचे का असेना, गावाच्या वरचा उतार ओला राहत होता. तोडणीपूर्वी फड पेटवण्याची रीत तेथेही होती, पण ती माणसांच्या देखरेखीखालची आग होती. भिजवलेल्या उसाचा हिरवा पट्टा गाव आणि डोंगर यांच्या मध्ये उभा असे. १९९९ मध्ये पायोनियर मिल बंद पडली आणि २०१६ मध्ये बेटावरचा शेवटचा साखर कारखानाही बंद झाला. जमीन विकली गेली किंवा तशीच ठेवली गेली, आणि तीवर गिनी गवत व बफेल गवत माजले.

ही दोन्ही गवते आपल्या ओळखीची आहेत. गिनी गवत आपणही कदाचित बांधाला जनावरांसाठी लावले असेल आणि बफेल गवताला आपल्याकडे अंजन गवत म्हणतात. हवाईतही ती चाऱ्यासाठीच परदेशातून आणली गेली. आपल्याकडे गिनी गवत दर काही आठवड्यांनी विळ्याखाली येते, म्हणून ते कोवळे आणि हिरवे राहते. तेथे कापायला माणूस नाही, चरायला गुरे नाहीत, त्यामुळे ते पावसाबरोबर पुरुषभर वाढते, उन्हाळ्यात जागच्या जागी वाळते, पेटले की बुंध्यापर्यंत जळते आणि पुढच्या पावसात स्थानिक झुडपांच्या आधी फुटून त्यांची जागा घेते. दर आगीनंतर ते थोडे अधिक पसरते. हवाईच्या एकूण जमिनीपैकी जवळजवळ पाव हिस्सा आज अशा आगंतुक गवतांनी आणि झुडपांनी व्यापलेला आहे.

२०१८ च्या ऑगस्टमध्ये ‘लेन’ नावाचे चक्रीवादळ बेटांजवळ आले, तेव्हा लाहायनाच्या वरच्या याच गवताने पेट घेऊन वीसेक घरे व इमारती खाल्ल्या होत्या. वादळ, वारा, गवत, गाव ही सारी मांडणी पाच वर्षे आधी जशीच्या तशी दिसून गेली होती. आपल्या पाचटाचा यात संबंध नाही. त्याचा प्रश्न धुराचा आणि जमिनीतील सेंद्रिय कर्बाचा आहे, त्यावर पुन्हा कधी तरी लिहीन.

प्रश्न : सकाळी लागलेली आग विझवली होती असे वाचले. मग दुपारी दुसरी आग कशी लागली? मी अग्निशामक दलात एकतीस वर्षे नोकरी केली आहे, म्हणून विचारतो.
— एक वाचक, पिंपरी

उत्तर : आपल्या मनात जी शंका आहे तीच चौकशीतून खरी ठरली. दुसरी आग लागलीच नव्हती. पहिलीच पुन्हा उठली. सकाळी साडेसहाच्या सुमारास, लाहायनालुना मार्गाजवळ वाऱ्याने तुटलेल्या विजेच्या तारांमध्ये पुन्हा प्रवाह आला आणि खालच्या गवताने पेट घेतला. जवानांनी ती आग रोखली, नऊच्या सुमारास ती पूर्ण आटोक्यात आल्याचे जाहीर झाले, आणि तरीही ते दुपारी दोन वाजून गेल्यानंतरही काही काळ तेथे पाणी मारत व पाहणी करत थांबले होते. ते निघून गेल्यावर तासाभराच्या आत, तीन वाजण्याच्या थोडे आधी, त्याच जागेजवळ पुन्हा धूर दिसला. काउंटीच्या, म्हणजे तेथील जिल्हा प्रशासनाच्या, अग्निशामक विभागाने केंद्रीय तज्ज्ञांच्या मदतीने केलेल्या तपासाचा निष्कर्ष ऑक्टोबर २०२४ मध्ये प्रसिद्ध झाला. धुमसत राहिलेला एखादा तुकडा वाऱ्याने जवळच्या, झुडपांनी भरलेल्या कोरड्या घळीत नेला असावा आणि तेथून आग पुन्हा भडकली, असे त्यात म्हटले असून घटना अपघाती ठरवली आहे. वीज कंपनीचे म्हणणे असे की दुपारी तिच्या तारांमध्ये सहा तासांहून अधिक काळ प्रवाह नव्हता. ते खरे आहे, पण त्याने सकाळची ठिणगी पुसली जात नाही.

जवानांनी थांबायला हवे होते, असे घरी बसून म्हणणे सोपे आहे. त्याच दिवशी बेटाच्या वरच्या भागात कुला आणि ओलिंडा येथे आगी जळत होत्या, वाऱ्यामुळे हेलिकॉप्टर उडू शकत नव्हते, आणि तीन बेटे सांभाळणाऱ्या या दलात एका वेळी कामावर साधारण ६५ माणसे असत. नोकरीतल्या एकतीस वर्षांत राखेखालच्या विस्तवाने आपल्यालाही एखाद्या ठिकाणी परत बोलावले असेलच. लाहायनात गावासाठी लढणाऱ्या जवानांपैकी काहींची स्वतःची घरे त्याच वेळी जळत होती.

प्रश्न : गावात बहुतेकांकडे मोटारी होत्या, आग दिवसाढवळ्या आली, समोर समुद्र होता. मग इतकी माणसे अडकली कशी? आगीचा वेग नेमका किती होता?
— एक अभियंता, नाशिक. याच आशयाची आणखी सहा पत्रे

उत्तर : आपण अभियंता आहात, तेव्हा आधी सरासरी काढू. आग पुन्हा उठली ती जागा समुद्रापासून दीड-दोन किलोमीटर. तीनच्या आधी ती दिसली, आणि पावणेसहाच्या सुमारास लोक पाण्यात उतरल्याची खबर तटरक्षक दलाला मिळाली. मधला काळ कितीही आखडून धरला, आग तासाभरात किनाऱ्यावर पोहोचली असे मानले, तरी तिचा सरासरी वेग चालणाऱ्या माणसापेक्षा कमीच भरतो. लाहायनाचा वणवा क्षेत्रफळानेही लहान होता. सुमारे २,१७० एकर, म्हणजे नऊ चौरस किलोमीटरही नाही. कॅलिफोर्नियात याच्या शंभरपट आगी लागतात आणि कधी कधी एकही माणूस दगावत नाही.

पण ही आग सलग रेषेत चालत नव्हती. वारा जळते तुकडे उचलून पुढे फेकत होता. ते वळचणीखाली, पोटमाळ्याच्या झरोक्यात, पन्हळीत साठलेल्या पाल्यात पडत आणि मुख्य ज्वाळेच्या कितीतरी पुढे एखादे घर आतून पेटत असे. एकदा घरे पेटली की गवताची गरज उरत नाही. मळ्यांच्या काळातली जुनी लाकडी घरे एकमेकांना खेटून होती, एकाची आच दुसऱ्याला पेटवायला पुरेशी होती, आणि तेथून पुढे हा वणवा राहिला नाही, गावाची आग झाली. गवताची आग एका जागी काही मिनिटांत सरते. घर मात्र तासन् तास जळते, आणि त्याचा धूर काळा व विषारी असतो. वाचलेले लोक सांगतात की भर दुपारी हातभर अंतरावरचे दिसत नव्हते.

अशा धुरात मोटार काढायची ती कोणत्या रस्त्यावर? गावातून बाहेर पडणारे मोठे रस्ते मोजके होते. वाऱ्याने विजेचे खांब आडवे झाले होते, तारा रस्त्यावर लोंबत होत्या, त्यांत प्रवाह असेल या भीतीने काही ठिकाणी वाहतूक अडवून वळवली गेली. सारी वाहने समुद्रालगतच्या फ्रंट स्ट्रीटवर कोंडली आणि तेथेच आग पोहोचली. लोक गाड्या सोडून समुद्राच्या भिंतीवरून पाण्यात उतरले आणि काही जण खडकांना धरून कित्येक तास धुरात राहिले. तटरक्षक दलाने पाण्यातून १७ जणांना बाहेर काढले. अडवलेला रस्ता न जुमानता पुढे गेलेले काही जण वाचले, ही गोष्ट त्या अडवणाऱ्यांना जन्मभर छळत असेल. गावाच्या मागे उसाच्या गाड्यांसाठी काढलेले जुने कच्चे रस्तेही होते, पण त्यांतल्या काहींना खासगी मालकांची फाटके होती आणि फाटकांना कुलपे होती.

आता इशाऱ्याविषयी. हवाईत त्सुनामीच्या अनुभवातून भोंग्यांची मोठी यंत्रणा उभी आहे. राज्यभर सुमारे चारशे आणि एकट्या माउईवर ऐंशी भोंगे. दर महिन्याला त्यांची चाचणी होते. त्या दिवशी एकही वाजवला गेला नाही. काउंटीच्या आपत्कालीन व्यवस्थेच्या प्रमुखांनी नंतर असे समर्थन केले की भोंगा म्हणजे त्सुनामी अशी लोकांची सवय असल्यामुळे लोक डोंगराकडे, म्हणजे आगीतच धावले असते. दुसऱ्याच दिवशी त्यांनी प्रकृतीचे कारण देऊन राजीनामा दिला. त्यांचा युक्तिवाद अगदीच टाकाऊ नाही, परंतु राज्याच्या स्वतःच्या माहितीपत्रकात भोंग्याच्या उपयोगांमध्ये वणव्याचा उल्लेख होता, आणि गावाच्या डोक्यावर धुराचा डोंगर उभा असताना भोंगा ऐकून कोणी त्या धुराकडे धावले असते, हे मला पटत नाही. भोंग्याऐवजी भ्रमणध्वनीवर संदेश पाठवला गेला तो सव्वाचारच्या सुमारास, आणि तोवर गावात वीज नव्हती व मोबाइलचे जाळे बऱ्याच ठिकाणी कोलमडले होते. ज्या घरांत वीज नसल्यामुळे दुपारी माणसे झोपली होती किंवा शाळा बंद असल्यामुळे मुले एकटी होती, त्यांना आग दारात आल्यावरच कळली.

प्रश्न : अग्निशामक नळांना पाणी नव्हते, हे खरे काय?
— एक वाचक, लातूर

उत्तर : सुरुवातीला होते, नंतर दाब गेला. घर जळाले की त्याची नळजोडणी वितळते किंवा फुटते आणि पाणी वाहून जाते. अशी शेकडो घरे एकाच वेळी जळल्यावर रस्त्यावरच्या नळाला दाब उरत नाही. पंपांची वीजही खंडित होती. कोणत्याही गावाची पाणीपुरवठा व्यवस्था एक-दोन घरांची आग गृहीत धरून आखलेली असते.

प्रश्न : घरे जळाली आणि शेजारची झाडे उभी राहिली, निळ्या छपरांची घरे वाचली, अशी चित्रफीत आमच्या गटात फिरते आहे. आकाशातून किरण सोडून आग लावली, असे त्यात म्हटले आहे.
— एक वाचक, कल्याण

उत्तर : ओल्या लाकडाची चूल पेटवून पाहिलेल्या कोणालाही झाडाचे उत्तर ठाऊक आहे. उभ्या झाडात पाणी असते, वाळलेल्या लाकडाच्या घरात नसते, आणि घर बहुधा आत शिरलेल्या निखाऱ्याने पेटते. रंगाविषयी बोलण्यासारखे काही नाही. ही चित्रफीत पुढे पाठवू नये, एवढीच विनंती.

प्रश्न : लाहायनाच्या चौकातला वड भारतातून नेलेला होता, असे ऐकले. तो जगला का?
— एक विद्यार्थिनी, पुणे

उत्तर : होय, भारतातून आणलेले आठेक फूट उंचीचे रोप २४ एप्रिल १८७३ रोजी जुन्या न्यायालयासमोर लावले गेले, आणि पारंब्या जमिनीत उतरत त्याने जवळपास पाऊण एकर जागा व्यापली. आगीत ते होरपळले, त्याची पाने करपून गेली. स्वयंसेवकांनी टँकरने पाणी आणि खत घातले. सप्टेंबरमध्येच नवी पालवी दिसली. जळालेला मोठा भाग मात्र तोडावा लागला. तेथे वडाची पूजा होत नसली तरी गावच्या बैठका, बाजार आणि सण त्याच्याच सावलीत होत असत, हे आपल्याला परके वाटणार नाही.

प्रश्न : मृतांचा आकडा आधी ११५ वाचला, मग ९७, आता आपण १०२ लिहिता. हजारावर माणसे बेपत्ता असल्याचेही तेव्हा छापून आले होते. सरकारने आकडा लपवला, असे का समजू नये?
— एक वकील, छत्रपती संभाजीनगर

उत्तर : आकडा लपवायचा असता तर तो आधी फुगला नसता. ऑगस्टच्या अखेरीस ११५ हा आकडा जाहीर झाला तेव्हा तो सापडलेल्या अवशेषांच्या पिशव्यांवरून काढलेला अंदाज होता. घराच्या आगीत उष्णता इतकी वाढते की मागे हाडांचे लहान तुकडे उरतात. एकाच माणसाचे अवशेष दोन ठिकाणी सापडतात, एका खोलीत एकमेकांना बिलगून गेलेल्या माणसांचे अवशेष मिसळतात आणि काही तुकडे पाळीव प्राण्यांचेही निघतात. जनुकीय चाचण्या पूर्ण होत गेल्या तसतशा या गोष्टी उलगडल्या, आणि १५ सप्टेंबर २०२३ रोजी राज्यपालांनी आकडा ९७ वर आणला. त्यानंतर उरलेली ओळख पटत गेली, पुढे रुग्णालयात दगावलेल्यांचीही भर पडली, आणि २०२४ च्या जूनपर्यंत तो १०२ झाला. १९१८ मध्ये मिनेसोटा राज्यातील क्लोकेच्या वणव्याने साडेचारशेहून अधिक माणसे मारली होती. त्यानंतर अमेरिकेत एका वणव्यात लाहायनाइतके मृत्यू झाले नव्हते.

बेपत्तांची यादी ही वेगळी गोष्ट आहे. संपर्क तुटल्यावर नातेवाइकांनी नोंदवलेली नावे हजाराच्या वर गेली, त्यांत एकच माणूस दोन-तीनदा होता, कोणी हॉटेलात सुखरूप होते, कोणी बेट सोडून गेले होते. केंद्रीय तपास यंत्रणेने तयार केलेली ३८८ नावांची यादी काउंटीने २४ ऑगस्टला प्रसिद्ध केली आणि एका दिवसातच त्यांतल्या शंभराहून अधिक जणांनी किंवा त्यांच्या आप्तांनी आम्ही जिवंत आहोत असे कळवले. नुसती यादी छापण्याचा एवढा उपयोग क्वचितच झाला असेल.

शोधासाठी प्रशिक्षित कुत्री आणली गेली. जमीन इतकी तापलेली होती की त्यांच्या पंजांना बूट घालावे लागले. ओळख पटवण्यासाठी रक्ताच्या नातेवाइकांचे नमुने लागत, आणि ते देण्यास लोक पुढे येत नव्हते. आपली जनुकीय माहिती पोलिसांच्या किंवा परदेशी नागरिकांवर लक्ष ठेवणाऱ्या खात्याच्या हाती जाईल, ही भीती होती. हे नमुने दुसऱ्या कशासाठीही वापरले जाणार नाहीत, असे अधिकाऱ्यांना वारंवार सांगावे लागले.

आपण आकड्याविषयी विचारले, पण तो कोणाचा होता हेही सांगायला हवे. मृतांपैकी दोन तृतीयांशांहून अधिक साठीच्या पुढचे होते. सर्वांत लहान बळी सात वर्षांचा होता आणि तो कुटुंबासह मोटारीत सापडला. मृत्यू गावभर सारखे विखुरलेले नव्हते. कुहुआ कँप या दाट वस्तीत, जेथे मळ्यांवर काम करायला फिलिपीन्समधून आलेल्यांची कुटुंबे पिढ्यान् पिढ्या एकाच घरात राहत होती आणि ज्या गल्ल्यांची दुसरी टोके बंद होती, तेथे ते एकवटले होते. वृद्धांसाठीच्या स्वस्त भाड्याच्या एका वसाहतीतही अनेक जण गेले. गाडी नव्हती, वीज नव्हती, आणि त्या वेळी हाक मारायला कोणी आले नव्हते. सुमारे १२,००० लोक बेघर झाले, त्यांपैकी हजारो जण किनाऱ्यावरच्या पर्यटकांच्या हॉटेलांत महिनोन् महिने राहिले. वीज कंपनी, काउंटी, राज्य आणि मोठे जमीनमालक यांनी मिळून सुमारे चार अब्ज डॉलरची तडजोड २०२४ च्या ऑगस्टमध्ये मान्य केली.

प्रश्न : आम्ही सॅन होजेजवळ डोंगराच्या पायथ्याशी राहतो. दर उन्हाळ्यात भारतातून आई-बाबा येतात आणि दिवसा दोघेच घरी असतात. आम्ही काय तयारी ठेवावी?
— एक वाचक, कॅलिफोर्निया

उत्तर : आपल्या राज्यातल्या पॅरडाइज गावाचे उदाहरण आपण ऐकलेच असेल. ८ नोव्हेंबर २०१८ रोजी विजेच्या जुन्या मनोऱ्यावरचा झिजलेला आकडा तुटून लागलेल्या आगीत ८५ माणसे गेली आणि अठरा हजारांवर इमारती जळाल्या. वीज कंपनीने २०२० मध्ये न्यायालयात ८४ सदोष मनुष्यवधांचा गुन्हा कबूल केला. लाहायना बेसावध होते, तसे ते गाव नव्हते. एकेक विभाग क्रमाने रिकामा करण्याचा आराखडा त्यांनी आधीच केलेला होता, पण आग सगळ्या विभागांत जवळपास एकदमच पोहोचली आणि रस्ते तुंबले. तेथेही बहुतेक मृत ज्येष्ठ नागरिक होते.

म्हणून आपल्या प्रश्नातला खरा मुद्दा आई-बाबांचा आहे. काउंटीच्या इशारा यंत्रणेत आपल्या भ्रमणध्वनीची नोंद करताना त्यांच्याकडच्या तात्पुरत्या क्रमांकाचीही करावी. कॅलिफोर्नियात आधी ‘इशारा’ येतो आणि मग ‘आदेश’. ज्यांना निघायला वेळ लागतो त्यांनी इशाऱ्यालाच निघायचे असते, आणि गाडी न चालवणारे पालक त्यातच मोडतात. गाडी असलेल्या एखाद्या शेजाऱ्याशी आधीच बोलून ठेवावे. आपण कार्यालयातून परत जाल तेव्हा पोलिसांनी रस्ता अडवलेला असेल. पारपत्रे, औषधे आणि चष्मे एका पिशवीत दाराशी असावेत. वीज गेल्यावर गॅरेजचे दार हाताने कसे उघडते, ती दोरी कुठे आहे, हे बाबांना एकदा करून दाखवावे. कॅलिफोर्नियातल्या आगींत काही वृद्ध या एका कारणाने घरात अडकले, आणि त्यानंतरच नव्या दारांना बॅटरी सक्तीची झाली. छपराच्या पन्हळी साफ ठेवाव्यात आणि भिंतीलगतच्या पाच फुटांत लाकडाचा भुसा, वाळकी झुडपे किंवा चटया ठेवू नयेत.

प्रश्न : आम्ही दर रविवारी मुलांना गडांवर नेतो. फेब्रुवारीनंतर सह्याद्रीत गवत पेटलेले दिसते. लाहायनासारखे आपल्याकडे होईल का, आणि वाटेत आग आडवी आली तर काय करावे?
— गिर्यारोहण गटाचे एक मार्गदर्शक, जुन्नर

उत्तर : गाव जळण्याची भीती आपल्याकडे कमी आहे, कारण आपले वारे उन्हाळ्यात तितके माजत नाहीत आणि घरे सहसा दगड-विटांची असतात. डोंगरावरच्या माणसांची भीती मात्र खरी आहे. मार्च २०१८ मध्ये तमिळनाडूतील थेनी जिल्ह्यात कुरंगणीच्या गवताळ उतारावर गिर्यारोहकांच्या एका गटाला वणव्याने गाठले आणि वीसहून अधिक जण दगावले.

आपल्याकडचे वणवे जवळजवळ सगळे माणसाने लावलेले असतात. नवे गवत चांगले फुटते या समजुतीने, मोहाची फुले वेचायला जागा मोकळी व्हावी म्हणून, कधी राबाची आग निसटल्यामुळे, कधी नुसत्या विडीने. म्हणून निघण्यापूर्वी पायथ्याच्या गावात आज कोणी काही पेटवणार आहे का, एवढे विचारावे. वन विभागाने काढलेल्या जाळरेषा, म्हणजे आग पसरू नये म्हणून गवत काढून मोकळे केलेले पट्टे, कुठून जातात ते पाहून ठेवावे, त्या पळवाटेच्याही कामी येतात. आग चढावर झपाट्याने धावते. उतार दहा अंशांनी वाढला की तिचा वेग साधारण दुप्पट होतो, त्यामुळे खालून धूर येताना दिसला तर वरच्या दिशेने पळू नये आणि घळीत किंवा नाळेत शिरू नये, कारण नाळ धुराड्यासारखी आग ओढते. कड्याच्या उघड्या कातळावर, नांगरलेल्या शेतात किंवा आधीच जळून काळ्या झालेल्या जमिनीवर बाजूने सरकत जावे. सुती आणि पूर्ण बाह्यांचे कपडे असावेत. पॉलिस्टरचे खेळाचे सदरे आचेने वितळून अंगाला चिकटतात, आणि हल्ली आपल्या बहुतेक गटांचा गणवेश तोच असतो. मुलांची मोजदाद निघताना, थांबताना आणि पुन्हा निघताना करावी. आग दिसली की विझवायला धावण्याआधी वन विभागाच्या १९२६ या क्रमांकावर कळवावे, आणि गडाचे नाव सांगताना कोणत्या गावाच्या बाजूचा उतार तेही सांगावे, नाही तर पथक डोंगराच्या दुसऱ्याच अंगाला पोहोचते.